बर्फवाल्याचे दार

चि. बाळास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

ओहायोत घेतलेल्या जुन्या घराचे फोटो पाहिले. स्वयंपाकघराच्या भिंतीतले बाहेरून उघडणारे ते छोटे दार बर्फवाल्यासाठी असावे. शंभर वर्षांपूर्वी अमेरिकेतही फ्रीज घरोघर नव्हता. आतून जस्ताचा पत्रा मारलेल्या लाकडी कपाटात बर्फाची लादी ठेवत. गृहिणी खिडकीत एक चौकोनी पुठ्ठा लावी, त्याच्या चार कडांवर 25, 50, 75 आणि 100 असे आकडे असत, आणि जितके पौंड बर्फ हवे तो आकडा वर ठेवला की बर्फवाला काही न विचारता तेवढी लादी तोडून चिमट्याने उचलून आणी. गाडीमागे कपच्यांसाठी पोरे धावत, हे ओघाने आलेच.

‘तेव्हा माणसे किती निवांत होती,’ असे तू लिहितेस, ते मात्र मला पटत नाही. त्या कपाटाखाली बर्फाचे पाणी साठायला एक तसराळे असे. ते वेळेवर ओतले नाही तर जमिनीवर थारोळे, आणि ते कोण ओतत असेल हे तुला सांगायला नको. शेतावरच्या घरांचे हाल तर आणखी निराळे. 1930 च्या दशकाच्या मध्यापर्यंत दहांतल्या जेमतेम एका शेतघरात वीज होती, त्यामुळे धुण्याचे पाणी बाहेरून आणणे, चुलीवर तापवणे आणि ओले कपडे हाताने पिळणे यातच बाईचा दिवस सरे.

हेवा वाटावा असे मला एकच दिसते, टपालाने माल विकणाऱ्या सिअर्स कंपनीचा जाडजूड कॅटलॉग. खेड्यापाड्यांत घरपोच टपाल 1896 पासून सुरू झाले, 1 जानेवारी 1913 पासून सरकारी टपालाने मोठी पार्सलेही येऊ लागली, आणि शिवणयंत्र काय, कोट काय, सारे दारात मिळू लागले. अमेरिकेच्या दक्षिणेतल्या कृष्णवर्णीय कुटुंबांना तर त्याचे मोल आगळेच होते, कारण गावच्या दुकानात गोऱ्या गिऱ्हाइकांचे आटोपेपर्यंत त्यांना ताटकळावे लागे, कॅटलॉगाला मात्र गिऱ्हाइकाचा रंग दिसत नसे. (माझ्या इतिहासाच्या तासाला मी हे मुद्दाम सांगत असे.)

1908 ते 1940 या काळात ही कंपनी अख्खी घरेसुद्धा टपालाने विकत असे. पुढेपुढे लाकूड मापात कापून रेल्वेने येई आणि कोणता वासा कुठे बसवायचा ते कळावे म्हणून त्यावर अक्षरे-आकडे छापलेले असत. तुमच्या माळ्यावर किंवा तळघरात बॅटरी घेऊन एकदा वासे नीट तपास, आणि तसे काही आढळले तर लगेच फोटो पाठव.

तुझी,
आई