काडीकिडा कुणाचा भाऊ?

संपादक महोदय,

रविवारच्या पुरवणीतला काडीकिड्यांवरचा लेख काल वाचला. ‘खंडोबाच्या किड्याचा सडपातळ भाऊ’ हे शीर्षक ज्यांना सुचलं, त्यांचं कौतुक करावं की त्यांना एक भिंग भेट द्यावं, हे अजून ठरत नाही. अहो, खंडोबाचा किडा झुरळाच्या गोतावळ्यातला, वर शिकारी. काडीकिड्यांचा गणच वेगळा. तीन हजारांवर जाती, आणि सगळ्या पाल्यावर जगणाऱ्या.

नेमक्या याच भाऊबंदकीत प्राणिशास्त्राच्या तोंडी परीक्षेत माझे गुण गेले होते. टेबलावर काचपेटीत काडीकिडा, पुढचे पाय डोक्यापुढे सरळ ताणलेले. मी म्हटलं, सर, मांडीला बुडाशी बाक आहे, त्या खाचेत डोकं बरोबर बसतं. खंडोबाच्या किड्यासारखे भक्ष्य पकडायचे काटे कुठे आहेत? सर पेटीकडे न बघता म्हणाले, “दोन्ही लांबटच की!” पंचवीसपैकी नऊ. काल तुमचं शीर्षक वाचलं आणि ते नऊ पुन्हा डोळ्यांपुढे आले.

रूपावर जाऊन तज्ज्ञही फसले आहेत, नाही असं नाही. नडगीच्या टोकाला खालून तिकोनी खळगा आहे की नाही, एवढ्यावर एके काळी या गणाचे दोन भाग पाडले होते. ती वाटणी टिकली नाही. २०१९ मध्ये जनुकांवरून दिसलं, की बहुतेक जाती दोन मोठ्या शाखांत पडतात, एक अमेरिका खंडांतली, दुसरी जुन्या जगातली, म्हणजे आशिया, आफ्रिका, युरोप, ऑस्ट्रेलियाकडची. सगळ्यांत आधी वेगळं फुटलेलं टिमेमा नावाचं काडीकिड्यांचं घराणं तर फक्त उत्तर अमेरिकेच्या पश्चिम भागात सापडतं. म्हणजे नातं मुलखावरून लागतं, आणि तुम्ही मुलूख ‘जगभर आढळतात’ एवढ्यावर उरकलात!

ऑस्ट्रेलियाजवळच्या लॉर्ड हाव बेटावरच्या काडीकिड्याला तर तुम्ही थेट ‘नामशेष’ करून टाकलंत. तो २००१ मध्ये बॉल्स पिरॅमिड या समुद्रातल्या सुळक्यावर जिवंत मिळाला. संग्रहालयातल्या जुन्या नमुन्यांपेक्षा जरा वेगळा दिसायचा म्हणून हा तोच का, अशी शंका होती, तीही २०१७ मध्ये डीएनएने मिटवली.

जाता जाता, शब्दकोड्याची उत्तरं तीन रविवार छापलेली नाहीत. आडवं सात होतं : ‘काटकीसारखा कीटक, चार अक्षरं’. मी ‘काडीकिडा’ भरलंय. तुमच्याकडे काय धरलंय, तेवढं कळवा.

आपला,
एक जुना वाचक