चेहरा एकाचा, धाव दुसऱ्याची

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

बर्फावरील चित्रपटांत काम करणाऱ्या कुत्र्यांवरचा रविवार पुरवणीतील लेख वाचला. ‘स्नो डॉग्ज’मधला (२००२) डीमन आणि ‘एट बिलो’मधला (२००६) मॅक्स या दोन्ही भूमिका हस्की जातीच्या डी. जे. या एकाच कुत्र्याच्या, हे बरोबर. पण सगळी पळापळही त्यानेच केली, असा समज लेखातून होतो. ‘एट बिलो’च्या कथेत कुत्रे आठ आहेत, त्यांच्यासाठी तीसहून अधिक कुत्रे वापरले होते.

स्लेजला, म्हणजे बर्फावरच्या घसरगाडीला, जुंपलेल्या हस्कीला फक्त सुटायचे असते. नुसते ‘थांब’ म्हणून तो थांबत नाही. चालकाला ब्रेकवर उभे राहून लोखंडी आकडा बर्फात रोवावा लागतो. कॅमेऱ्यापुढे काम नेमके उलटे. ठरल्या जागी जायचे, पाय तिथेच ठेवायचे, मान वळवायची आणि हे सगळे पाच-सहा वेळा. दोन्ही कामे एकाच्या गळ्यात मारली, तर पहिल्या टेकला तो आवरत नाही आणि पुढे त्याला कंटाळा येतो. ओढीची दोरी बघावी म्हणजे कळते. ती कमरेमागे सैल लोंबत असेल, तर पडद्यावर कितीही धाप लागलेली दिसो, तो कुत्रा स्लेज ओढत नाही.

कोऱ्या बर्फाचा टेक एकदाच मिळतो, कारण पाऊल उमटले की जागा बाद. म्हणून तालीम दुसरीकडे होते. तिथे कुत्र्याला फळीवर उभे राहायला शिकवतात आणि चित्रीकरणात तीच फळी बर्फाच्या पातळ थराखाली दडवतात. एक प्रशिक्षक पाठवणारा, दुसरा खाऊ घेऊन भिंगाशेजारी. ‘काय बोलके डोळे!’ म्हणतो ते बहुधा या खाऊकडे लागलेले असतात.

पंजांबद्दल लेखात एक ओळही नाही, आणि हाल तिथेच होतात. बोटांमधल्या केसांत बर्फाच्या गोळ्या धरतात, कातडी फाटते. म्हणून ते केस कातरून मलम लावतात आणि कापडी मोजे चढवतात. मोज्याचा पट्टा घट्ट बसला तर पंजा सुजतो. सैल राहिला तर मोजा वाटेत गळतो. अलास्काच्या इडिटारॉड शर्यतीत तर प्रत्येक कुत्र्यामागे आठ मोजे सोबत असणे सक्तीचे आहे. थंडीत कुत्री साधे पाणी पुरेसे पीत नाहीत, म्हणून त्यात मांसाचा रस मिसळतात.

बदली कुत्रा निवडताना तोंडावरचा काळा-पांढरा मुखवटा जुळावा लागतो. थोडा फरक निरुपद्रवी रंगाने झाकता येतो. लोकर गळायला लागली की मात्र इलाज नाही. कालचा आणि आजचा कुत्रा वेगळा दिसतो.

लेखाशेजारच्या चौकटीत ‘हस्की घरी आणा’ असे सुचवले आहे, ते मात्र कृपया मागे घ्यावे. तापमान शून्याच्या आसपास आले तरी धावणाऱ्या हस्कीला उकडू लागते. आपल्याकडच्या मे महिन्यात तो एसीच्या खोलीतून दुपारभर बाहेर काढता येत नाही आणि त्याची धावायची भूक तर तशीच राहते.

– एक श्वानप्रशिक्षक, ठाणे