सासूचा रोल

नौपाडा, ठाणे

चि. सायलीस,
अनेक आशीर्वाद.

बत्तिसाव्या वर्षी मालिकेत सासूचा रोल आला म्हणून फोनवर धुसफुसलीस. अगं, १९८९ मध्ये ‘मैंने प्यार किया’ आला तेव्हा रीमा लागू होत्या एकतीस वर्षांच्या, आणि पडद्यावरचा त्यांचा मुलगा सलमान खान त्यांच्याहून जेमतेम सात वर्षांनी लहान! म्हातारपण पाठीत आणू नकोस. वाकून चालणारी सासू गॅदरिंगमध्ये शोभते. उठता-बसताना अर्धा क्षण जास्त घे, तेवढं पुरतं.

आता कराराचं. पर डे किती, हे तू विचारलंस. महिन्याला किमान किती दिवस, ते नाही विचारलंस. टीआरपी घसरला की पहिली सासूच काशीयात्रेला जाते. नायिका काही जात नाही. तुझा ट्रॅक, म्हणजे कथेतला तुझा भाग, थांबला की घरी बसलेल्या दिवसांचे पैसे नाहीत, आणि करारात ‘दुसऱ्या वाहिनीवर काम करायचं नाही’ असं असेल तर दुसरीकडेही जाता येत नाही. म्हणून किमान दिवस लिहून देत नसतील तर ती अटही मान्य करू नकोस. पैसे बहुधा ९० दिवसांनी येतात, म्हणजे जूनच्या कामाचे सप्टेंबर-ऑक्टोबरात. तोवरचा खर्च बाजूला काढून ठेव. १० टक्के टीडीएस, म्हणजे आयकर, आधीच कापतील, तो आयकर खात्याच्या साइटवर तुझ्या नावावर दिसतोय ना ते बघ. वहीत रोज तारीख, कॉल टाइम (बोलावल्याची वेळ), पॅक-अप (काम संपल्याची वेळ) आणि सीन नंबर लिही. बिलावरून वाद झाला की ती वहीच कामाला येते. नाटकाच्या नाईटवर, म्हणजे प्रयोगाच्या मानधनावर, पाणी सोडू नकोस. गडकरी रंगायतन आणि घाणेकर नाट्यगृहातल्या ठरलेल्या प्रयोगांच्या तारखा सहीआधीच कळव, त्याही लेखी.

सेटवर सहायक नटी सगळ्यात जास्त मार खाते ती कंटिन्युटीत, म्हणजे एका शॉटमधली हालचाल दुसऱ्यात तशीच ठेवण्यात. समज, मास्टरमध्ये (सगळा सीन दिसणाऱ्या लांबच्या शॉटमध्ये) तू ‘सूनबाई’ म्हणताना कप उचललास आणि क्लोजमध्ये (चेहऱ्याच्या जवळच्या शॉटमध्ये) ‘ऐकलंस का’ला. दोन शॉट जुळत नाहीत. एडिटर डोकं खाजवत बसत नाही, सरळ नायिकेवर कट मारतो आणि तुझा क्लोज जातो. म्हणून एका शब्दाला एकच हालचाल बांध, तीही सोपी. नायिका बोलत असताना प्रत्येक वाक्याला मान हलवू नकोस. मान मध्येच असली की कट लावता येत नाही. नुसतं ऐक, आणि बदल एकदाच येऊ दे, नेमक्या शब्दावर. तिचा क्लोज चालू असेल तेव्हा कॅमेऱ्याशेजारी उभी राहून क्यू पूर्ण आवाजात दे, पण तिच्या वाक्यावर चढू नकोस. ओव्हरलॅप झाला की साउंडवाला टेक परत मागतो, आणि रात्री नऊला ते कोणालाच आवडत नाही.

लॅपल, म्हणजे कपड्याला लावलेला छोटा माइक, मंगळसूत्राला घासला की खरखर येते, म्हणून वाट्या पदराखाली पिनेने धरून ठेव. पदर कडक खळीचा नको, तो माइकवर कुरकुरतो. काचेच्या बांगड्या संवादात किणकिणतात. आतल्या बाजूने पारदर्शक टेपने एकत्र चिकटव. प्रत्येक सीनआधी दोन्ही हातांचा, भांगाचा आणि ब्रोचचा फोटो मोबाइलमध्ये घे. आज २१२ व्या भागाचा हॉलचा सीन आणि त्याच दुपारी २१५ चा असं चालतं, कुठल्या हातात किती बांगड्या होत्या ते लक्षात राहत नाही.

सेट घोडबंदरला आहे, पण गायमुख घाटाच्या अलीकडे, हे बरं. नऊचा कॉल असेल तर इथून साडेसातला निघ. माजिवडा आणि मानपाड्याला अडकायला होतंच, आणि उशीर झालेल्या सासूसाठी कोणी सीन पुढे ढकलत नाही. मेकअप रूममध्ये मात्र दुपारी तीनपर्यंत बसवून ठेवतील, तेव्हा डबा आणि पाठांतर जवळ ठेव.

काच फुटतेच, म्हणून त्याच रंगाच्या चार बांगड्या जास्त लागतील. जांभळीनाक्यावरून आणून ठेवते. माप अजून दोन-चारच ना?

तुझी
आई