लंबूस पत्र : काळभोवऱ्याबद्दल

प्रिय लंबू,

सप्रेम नमस्कार. तुझ्या पत्राला उत्तर द्यायला उशीर झाला, कारण माळा काढायला घेतला आणि त्यात आपली आठवीतली दोनशेपानी वही सापडली. उलटखाडीच्या राज्याचा नकाशा अजून शाबूत आहे. दाभोळहून धोपाव्याला जाताना दिसते तीच खाडी, फक्त आरशात पाहावी तशी. मधोमध लाल पेनाने काढलेला भोवरा आणि शेजारी तुझं कोंबडीच्या पायांचं अक्षर : 'काळभोवरा. इथे जो जाईल तो क्षणात म्हातारा होऊन मरेल!!!'

हसलो खूप. पण गादीवर पडल्यावर वाटलं, हे चुकलंय. (तेव्हाही मी म्हणत होतो, पण वही तुझी होती.) म्हातारं व्हायला भोवरा कशाला हवा, आपण दोघे घरबसल्या होतोच आहोत. खरी भीती उलटी आहे. आतला आहे तसाच राहतो आणि काठावरचे संपतात.

आजी रेवतीची गोष्ट सांगायची, आठवतं? ककुद्मी राजा मुलीसाठी स्थळ विचारायला तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तिथे गाणं चाललं होतं, म्हणून थोडा थांबला. गाणं संपल्यावर त्याने मनातली स्थळं सांगितली, तर ब्रह्मदेव हसला : सत्तावीस चतुर्युगं उलटून गेली, त्या मुलांची नातवंडं-पतवंडंही उरली नाहीत. चतुर्युग 43,20,000 वर्षांचं, तेव्हा हिशोब 11,66,40,000 वर्षांचा. एका गाण्यापायी! पुढे रेवती बलरामाला दिली. ती जुन्या युगातली, त्याच्या मानाने फारच उंच, म्हणून त्याने नांगराच्या टोकाने तिला खाली ओढून बेताची केली. तेव्हा आजीने तुझ्याकडे पाहिलं होतं, ते मी विसरलेलो नाही.

आणि तू इंजिनिअर, तुला 'पुराणातली वांगी' म्हणायची सोय नाही. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं रोज सुमारे 38 मायक्रोसेकंद पुढे जातात, ती हिशोबात धरावी लागतात. 2010 साली अमेरिकेत बोल्डरला तर एक अणुघड्याळ दुसऱ्यापेक्षा जेमतेम 33 सेंटीमीटर वर ठेवून फरक मोजला. वरचं किंचित भरभर चालतं. तुझ्या-माझ्या उंचीत साधारण तेवढंच अंतर असेल. टक्कल तुला आधी का पडलं, ते कळलं ना?

तर आता नवा भोवरा ऐक. नाव बदललंय. तिथले नावाडी त्याला नुसतं 'थांब' म्हणतात. "अमुक थांबात गेला" एवढंच, तेही दिवेलागणीनंतर नाही. अमावास्येच्या उधाणाला तो खाडीच्या तोंडाशी येतो. पाणी फिरत नाही, फेस नाही. ओळखायची खूण एकच : पाण्यावर हवेत अडकलेला बगळा.

आतली एक घटका (चोवीस मिनिटं) म्हणजे बाहेरची बारा वर्षं. त्यांचं वर्ष तीनशेसाठ दिवसांचं धरलंय, म्हणून हिशोब सुटसुटीत बसतो : आत एक सेकंद, बाहेर तीन दिवस. प्रत्येक नावेवर घटिकापात्र असतं, आपल्याकडे लग्नाचा मुहूर्त धरायला असायचं तसं, बुडाला भोक असलेलं तांब्याचं. पण थांबात त्याचा काडीचा उपयोग नाही, ते नेहमीच्याच चालीने भरतं. आतल्याला दिसतो तो आभाळात करड्या उजेडाचा थरथराट. घोटाळा लक्षात येऊन नाव वळवेपर्यंत दोन-तीन पळं (पळ चोवीस सेकंदांचं) जातात, आणि काठावर पाच-सात महिने. शिवाय ओढ आतच असते.

काठावरून मात्र तो दिसतो रे. बायको रोज धक्क्यावर येते. वल्ह्याचा एक हात पुरा व्हायला नऊ दिवस लागतात. पापणी मिटायलाच एक दिवस जातो. त्याने मान वळवायला घेतली आहे हे तिला परवा कळलं, पण वळून तो कुणाकडे बघणार, ते अजून कळायचंय.

आता खरी गोम. नावाडी कमरेला सुंभ बांधूनच जातात आणि दुसरं टोक धक्क्यावर असतं. मग ओढून का नाही घेत? पहिल्यांदा गावाने तेच केलं. दहा जणांनी मिळून नेहमीसारखं ओढलं. काठावर ती साधी ओढ होती, आत तीच अडीच लाख पटींनी वेगाने पोचली. काय हाती आलं ते मी लिहिलेलं नाही, तूही विचारू नकोस.

तेव्हापासून नियम आहे : दिवसाला एक हात. त्याहून बोटभरही जास्त नाही. दिवसाला एक हात म्हणजे आतल्याला सेकंदाला तीन हात, झपाझप चालल्यासारखं. माणूस चार हजार हात आत असेल तर अकरा वर्षं ओढायचं. आजारी पडलं की शेजारीण ओढते. मुलगी चालायला लागली की तिलाही सुंभाला हात लावायला देतात.

तू म्हणशील, इतकी वर्षं सुंभ टिकेल का, आणि त्यातला ताण कडेला कसा वागेल? पहिल्याचं उत्तर आहे. बाहेरचा भाग कुजतो, तिथे रोज नवा पीळ घालत जायचं. दुसऱ्याचं नाही, ते तूच काढून पाठव.

शेवटाचं तेवढं ठरलंय. अकराव्या वर्षी नाव धक्क्याला लागते. हा उतरतो, कमरेवरचा वळ चोळत कुरकुरतो, "एवढं फरफटत आणायची काय घाई होती?" आणि सुंभ धरून उभ्या असलेल्या बाईला ओळखत नाही, तिला तिच्या आईच्या नावाने हाक मारतो.

दिवाळीत येशील तेव्हा वही घेऊन बसू. लाल पेन मी ठेवलंय. वहिनींना नमस्कार, पोरांना आशीर्वाद.

तुझा,
बुटक्या