टँकर किती लांब होता? – आनंद पटवर्धन यांना पत्र

आदरणीय पटवर्धन सर,

मी एका वृत्तवाहिनीत व्हिडिओ एडिटर आहे. आपली भेट कधी झालेली नाही, तरी तुमचं देणं लागतो.

नोकरीच्या सुरुवातीला एका मोर्चाचं चाळीस मिनिटांचं रॉ फुटेज माझ्याकडे आलं. बहुतेक वेळ बाया रस्त्यावर बसून घोषणा देत होत्या. शेवटी दोन टायर जळाले. ‘टायर लूपवर टाक,’ असं सांगितलं गेलं. मी टाकले. दिवसभर तेच दोन टायर पेटत राहिले. बायांचं म्हणणं काय होतं, ते कुठेच आलं नाही. त्या रात्री मला शांत झोप लागली, याचाच आज जास्त त्रास होतो.

मग तुमची ‘जय भीम कॉम्रेड’ ही डॉक्युमेंटरी पाहिली. ११ जुलै १९९७. घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना, संतापून रस्त्यावर आलेले लोक, आणि पोलिसांच्या गोळीबारात गेलेले १० जीव. जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता म्हणून गोळ्या झाडल्या, असं सांगण्यात आलं. पेटत्या टँकरचं चित्र एकदा मनात बसलं की पुढचं कोण विचारतो? तुम्ही विचारलंत. टँकर कुठे उभा होता, माणसं कुठे पडली, मधलं अंतर किती, आधी काय घडलं. माझ्या टेबलावर रोज हेच सामान असतं, पण हे प्रश्न मला कोणी शिकवले नव्हते.

शाहीर विलास घोगरे तुमच्या १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये गायले होते. गोळीबारानंतर काही दिवसांतच त्यांनी गळफास घेतला. त्यानंतर तुम्ही १४ वर्षं चित्रीकरण करत राहिलात. आम्हाला एका बातमीला चौदा मिनिटं मिळत नाहीत, हे खरं आहे. पण मी त्याच्या आड फार वर्षं लपलो. तुमच्यापुढेही अडचणी होत्याच. दूरदर्शनने तुमची आधीची एक फिल्म दाखवावी म्हणून तुम्ही सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलात आणि २००६ मध्ये जिंकलात.

परवा पुन्हा एक आंदोलन आलं, पुन्हा जाळपोळीचे काही सेकंद. मी आधी सगळं फुटेज पाहिलं, मग डेस्कवर वाद घातला. जाळपोळ एकदाच दाखवली गेली, ती कधी झाली त्या वेळेसकट. आणि एका आजींचा बाइट, म्हणजे कॅमेऱ्यासमोरचं त्यांचं बोलणं, पूर्ण गेला, मध्ये न कापता.

तो बाइट तुमच्यामुळे वाचला, सर. मनापासून आभार.

आपला,
एक एडिटर