‘घरी वाचा’ म्हणून सोडलेला धडा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या अंकात एका पालकांचं पत्र वाचलं. दहावीच्या विज्ञानातला माणसाच्या पुनरुत्पादनाचा भाग वर्गात शिकवू नये, ‘आपल्याकडे असल्या गोष्टी उघड बोलत नाहीत’, असं त्यांचं म्हणणं. मी केज तालुक्यातल्या एका शाळेत २८ वर्षं विज्ञान शिकवलं. त्यातली पहिली नऊ वर्षं मीही तो भाग ‘घरी वाचा’ म्हणून सोडून दिला होता. त्यामुळे त्यांच्यावर चिडायचा मला फारसा हक्क नाही.

पण ‘आपल्याकडे’ म्हणजे कुठे? समर्थ रामदास आपल्या जालना जिल्ह्यातल्या जांबचे. दासबोधाच्या तिसऱ्या दशकातला पहिलाच समास काढून बघा. विटाळाचं रक्त आळून गोळा होतो आणि त्याचंच शरीर बनतं, असं समर्थांनी आडपडदा न ठेवता लिहिलंय. आमच्या मारुतीच्या देवळात श्रावणात हा समास बायापोरांसमोर वाचला जायचा. कुणी लाजून उठून गेल्याचं मला आठवत नाही. समर्थांच्याही जवळजवळ दोन हजार वर्षं आधी ग्रीसमध्ये ॲरिस्टॉटलही जवळपास हेच सांगत होता. बाईचं रक्त म्हणजे दूध, पुरुषाचं बीज म्हणजे विरजण. अंदाज दोघांचाही चुकला. मात्र ॲरिस्टॉटलनं कोंबडीखालची अंडी फोडूनही पाहिली, आणि तीन दिवस झाले की आत रक्ताचा एक ठिपका उडताना दिसतो, तेच काळीज, असं लिहून ठेवलं.

तो ठिपका पोरांना दाखवायचा मी ठरवलं. बाजारातून सहा अंडी आणली, थर्माकोलच्या पेटीत बल्ब लावून ठेवली. चौथ्या दिवशी फोडली तर आत नुसता बलक. माझं तोंड पडलेलं बघून मागच्या बाकावरची एक पोरगी म्हणाली, “बाई, ही पोल्ट्रीची अंडी. तिथं कोंबडाच नसतोय, मग पिल्लू कुठून व्हईल?” बी.एस्सी., बी.एड. मी, आणि हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं! तिच्याच आजीनं मग खुडूक कोंबडीखालचं तीन दिवसांचं एक अंडं दिलं. पोरगी ते ओढणीत गुंडाळून, पोटाशी धरून घेऊन आली. लाइट गेलेली, म्हणून खिडकीपाशी चहाच्या बशीत अंडं अलगद सोडलं. बलकावर केसासारख्या लाल शिरांचं जाळं, आणि मधोमध मोहरीहूनही बारीक ठिपका. टुक, टुक, टुक. चाळीस पोरं श्वास रोखून बघत होती. एरवी या धड्याला शिट्ट्या मारणारा एक जण हळूच म्हणाला, “बाई, हे आता मरंल का?” हो म्हणाले. त्यानंतर वर्षाला एकच अंडं फोडायचं, असा मी नेम केला.

त्या दिवशी पुढचं सगळं सांगायला तोंड उघडलं. १६७७ मध्ये डेल्फ्टच्या लेवेनहूक नावाच्या कापडवाल्यानं आपल्या सूक्ष्मदर्शकाखाली शुक्राणू पाहिले. सतराच वर्षांनी हार्टसूकर या दुसऱ्या डचानं शुक्राणूच्या डोक्यात गुडघे पोटाशी घेऊन बसलेला माणूसच काढून दाखवला. (हे चित्र फळ्यावर काढलं की पोरं खदखदून हसतात, ताण जातो.) म्हणजे आख्खं पोर पुरुषाचं, बाई म्हणजे नुसतं रान. बाईचं बीज दिसायला पुढं दीडशे वर्षं लागली. १८२७ मध्ये कार्ल फॉन बेअरला ते दिसलं, तेही कुत्रीच्या बीजकोशात. दोन्ही बीजांची केंद्रकं एक होतात, हे १८७६ मध्ये ऑस्कर हर्टविगनं समुद्रातल्या सी-अर्चिनच्या अंड्यात पाहिलं.

आता माझ्या घरचं. मला तीन मुली. तिसरीच्या वेळी आमच्या आत्याबाई, म्हणजे सासूबाई, बाळंतिणीच्या खोलीत आल्याच नाहीत. दारातूनच म्हणाल्या, “रानच तसलं, पेरणारा काय करंल?” मी विज्ञान शिक्षिका, आणि मान खाली घालून रडत बसले. उत्तर मला पाठ होतं. अमेरिकेत नेटी स्टीव्हन्स या बाईंनी १९०५ मध्ये पिठात होणाऱ्या किड्यांच्या पेशी तपासल्या. मादीत वीस मोठी गुणसूत्रं, नरात एकोणीस मोठी आणि एक बारकं. ते बारकं गुणसूत्र नराच्या अर्ध्या बीजांत जातं, अर्ध्यांत जात नाही, आणि नर की मादी ते तिथंच ठरतं. माणसातही तसंच. पुढं खूप वर्षांनी आत्याबाई पीठ चाळत होत्या तेव्हा त्यांना हे सांगितलं. चाळणी थांबवून त्या ओसरीवर बसलेल्या मामंजींकडे बराच वेळ बघत राहिल्या. त्यांना स्वतःला पाच मुली झाल्यावर मुलगा झाला होता.

२०११ च्या जनगणनेत आपल्या बीड जिल्ह्यात सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलांमागे मुली होत्या ८०७. गर्भलिंग तपासणीविरुद्धचा कायदा १९९४ चा आहे, आणि तो हवाच. पण ज्या पोरींना उद्या कुणीतरी ‘रान’ म्हणणार आहे, त्यांना ते बारकं गुणसूत्र कुणाकडून येतं हे वर्गातच कळायला पाहिजे. पोरांनाही, त्याच बाकांवर, त्याच तासाला. मुलींना वेगळ्या खोलीत नेऊन कुजबुजत शिकवायची पद्धत मला पटत नाही.

जूनमध्ये शाळा उघडतील तेव्हा माझ्या शिक्षकबांधवांनी आणि भगिनींनी या धड्याला दोन तास राखून ठेवावेत, एवढीच विनंती. अंडं फोडून दाखवायचं असेल तर गावरान आणा, आणि कोंबडा असलेल्या घरचंच आणा.

आपली,
एक निवृत्त विज्ञान शिक्षिका
ता. केज, जि. बीड