फेलिसिटी केंडल म्हणजे केवळ 'शशी कपूर यांची मेहुणी' नव्हे

संपादक महोदय,

फेलिसिटी केंडल यांचं नाव निघालं की आपल्याकडे 'जेनिफरची धाकटी बहीण, शशी कपूरची मेहुणी' एवढ्यावरच विषय आटोपतो. पृथ्वी थिएटरवरच्या लेखांतही त्या याच नात्यानं येतात. या इंग्रज अभिनेत्रीची जडणघडण आपल्याच देशात झाली, म्हणून ही उपेक्षा जास्त खटकते.

वडील जेफ्री केंडल आणि आई लॉरा लिडेल यांची 'शेक्सपिअराना' ही फिरती नाटक कंपनी होती. फेलिसिटी यांचा जन्म १९४६ चा. 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'मधलं ते पळवलेलं मूल म्हणून नऊ महिन्यांच्या असतानाच त्यांना रंगमंचावर नेलं होतं. सातव्या वर्षी त्या आई-वडिलांबरोबर भारतात आल्या. आज संस्थानिकासमोर खेळ, उद्या शाळेच्या हॉलमध्ये पोरांसमोर. आपल्या जुन्या नाटक मंडळ्यांच्या हकिकती ज्यांनी वाचल्या आहेत, त्यांना हा बिऱ्हाड पाठीवर घेऊन चाललेला संसार वेगळा समजावून सांगायला नको. १९६५ च्या 'शेक्सपिअर वाला' चित्रपटात हेच जग आहे. त्यात नायिका फेलिसिटी, आणि तिच्या आई-वडिलांच्या भूमिकांत त्यांचे सख्खे आई-वडील.

इंग्लंडला परतल्यावर त्यांना घराघरांत पोचवलं ते बीबीसीच्या 'द गुड लाइफ'नं (१९७५–७८). सर्बिटन या लंडनच्या उपनगरातला टॉम नोकरी सोडतो आणि बायको बार्बरासह (फेलिसिटी) परसातच शेती मांडतो. जेराल्डिन नावाची बकरी, लेनिन नावाचा कोंबडा, डुकरं, आणि हे सगळं पाहून हैराण झालेले शेजारी! ही मालिका स्टुडिओत बसलेल्या प्रेक्षकांसमोर चित्रित व्हायची. हशा उसळला की थांबायचं, तो ओसरू लागताच नेमकं पुढचं वाक्य टाकायचं, आणि तेवढ्या वेळात चेहरा रिकामा पडू द्यायचा नाही. टॉम झालेल्या रिचर्ड ब्रायर्स यांच्यासारख्या मुरलेल्या नटासमोर बार्बरा यात कुठेही उणी पडत नाही. मालिकेच्या अखेरच्या हंगामात गुंडांनी घराची नासधूस केलेली असते, तो प्रसंग जरूर पाहावा. रोज नव्या प्रेक्षकांसमोर वाढलेल्या नटीलाच हे साधतं, असं माझं ठाम मत आहे.

पुढे 'रोझमेरी अँड थाइम' ही मालिकाही (२००३–०६) गाजली. पण टीव्हीवरच्या गोड चेहऱ्यापलीकडे त्यांचं रंगमंचावरचं काम फार मोठं आहे. १९७९ मध्ये लंडनच्या नॅशनल थिएटरच्या 'अमेडियस'मध्ये संगीतकार मोझार्टची बायको त्यांनीच केली. ब्रिटिश नाटककार टॉम स्टॉपर्ड यांच्या 'आर्केडिया' (१९९३) आणि 'इंडियन इंक' (१९९५) या नाटकांच्या पहिल्या प्रयोगांत त्या होत्या. 'इंडियन इंक'मध्ये त्या १९३० साली भारतात आलेली इंग्रज कवयित्री फ्लोरा झाल्या होत्या. २०२५ मध्ये हॅम्पस्टेड थिएटरच्या नव्या प्रयोगात त्याच फ्लोराची वृद्ध बहीण झाल्या!

आपल्या रविवार पुरवणीत 'शेक्सपिअराना'वर सविस्तर लेख यावा, ही विनंती. शाळेत असताना ते खेळ पाहिलेली मंडळी आज सत्तरीच्या पुढे गेली आहेत. त्यांच्याकडून आठवणी मागवायच्या, तर त्या आताच मागवायला हव्यात.

आपला,
एक नाट्यप्रेमी वाचक, डोंबिवली